भाकिताची किंमत कोण मोजतो : ‘स्कायरिम’मधील एल्डर स्क्रोलचे परीक्षण

काल्पनिक जग रचणाऱ्या लेखकाला भविष्य सांगणारा ग्रंथ फार उपयोगी पडतो. नायकाने पुढे कुठे जायचे हे त्यातून सांगता येते, जुना शत्रू आत्ताच का परतला याचे कारण देता येते आणि वाचकाला किंवा खेळाडूला आपण निवडले गेलो आहोत असे वाटू देता येते. एवढे काम झाले की बहुतेक कथांमध्ये त्या ग्रंथाची आठवणही कोणी काढत नाही. बेथेस्डा गेम स्टुडिओजने घडवलेल्या आणि ११ नोव्हेंबर २०११ रोजी प्रसिद्ध झालेल्या ‘द एल्डर स्क्रोल्स ५ : स्कायरिम’ या गेममधील भविष्यग्रंथाकडे मात्र इतक्या सहज पाठ फिरवता येत नाही, कारण तो भविष्य तर सांगतोच, शिवाय काळ म्हणजे काय आणि काळाकडे पाहणाऱ्या माणसाचे काय होते हा प्रश्नही तो खेळाडूसमोर ठेवतो. हे परीक्षण त्या ग्रंथापुरतेच आहे. लढाई, शस्त्रे, जादूच्या शाखा, घरे आणि लग्ने यांविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे; त्यात भर घालण्याची गरज नाही. पुढील मजकुरात कथानकातील बहुतेक वळणे उघड होतात, तेव्हा गेम अजून खेळायचा असेल तर तो आधी खेळावा आणि मग इकडे वळावे.

एल्डर स्क्रोल म्हणजे धातूच्या नक्षीदार नळीत गुंडाळलेले एक भले मोठे भेंडोळे. ते कोणी लिहिले हे त्या जगातही कोणाला ठाऊक नाही. ते उलगडल्यावर अक्षरांच्या ओळी दिसत नाहीत, तर ताऱ्यांच्या नकाशासारखी चिन्हे दिसतात. त्यात जे घडून गेले आणि जे घडू शकेल ते सारे आहे, असे मानले जाते. अशी भेंडोळी किती आहेत हेही निश्चित सांगता येत नाही. गेममधील ‘ॲन अकाउंटिंग ऑफ द एल्डर स्क्रोल्स’ या पुस्तिकेत एक ग्रंथपाल त्यांची सूची करायला निघतो आणि प्रत्येक मोजणीला वेगळा आकडा आल्याने हताश होतो. ती पुस्तिका अवघ्या काही पानांची आहे, पण ज्या वस्तूला काळ लागू नाही तिची मोजदादही होत नाही ही कल्पना तिने ज्या संयमाने मांडली आहे तो वाखाणण्यासारखा आहे. हे नाव मालिकेच्या पहिल्या, १९९४ च्या गेमपासूनच शीर्षकात होते. तेव्हा त्याला फारसा अर्थ नव्हता. तो पुढच्या गेमांनी हळूहळू भरला. ‘स्कायरिम’ हा तो अर्थ कथेच्या केंद्रस्थानी आणणारा भाग आहे, त्यामुळे या ग्रंथाचे मूल्यमापन करायचे तर ते इथेच करायला हवे.

मुख्य कथा थोडक्यात अशी आहे. अल्डुइन हा जगाचा घास घेणारा ड्रॅगन काळाच्या देवाचा, अकातोशचा, ज्येष्ठ पुत्र समजला जातो. फार पूर्वी गोर्मलेथ, हाकोन आणि फेल्डिर या तीन वीरांनी त्याच्याशी लढताना त्याला मारता येत नाही हे पाहिले आणि एल्डर स्क्रोलचा वापर करून त्याला काळाच्या प्रवाहात पुढे फेकून दिले. तो नष्ट झाला नाही, फक्त पुढे ढकलला गेला. चौथ्या युगाच्या २०१ व्या वर्षी तो परततो आणि तिथून गेम सुरू होतो. इथे लेखकांनी एक विलक्षण गोष्ट साधली आहे. ज्या ग्रंथात भविष्य आहे त्याच ग्रंथाच्या बळावर पूर्वजांनी आपले संकट भविष्याच्या गळ्यात टाकले. भाकीत खरे ठरते ते दैवी इच्छेमुळे असेलही, पण ते खरे ठरावे याची तजवीज माणसांनी स्वतःच्या हातांनी केलेली आहे. ही गोष्ट गेममध्ये कोणीही मोठ्या आवाजात सांगत नाही. ती खेळाडूने स्वतः जुळवायची असते, आणि जुळवल्यावर फेल्डिरविषयी आदर आणि राग दोन्ही एकाच वेळी वाटतात.

या कथेतील प्रत्यक्ष भाकीत दोन ठिकाणी भेटते. एक म्हणजे स्काय हेवन मंदिरातील ‘अल्डुइनची भिंत’, पहिल्या युगाच्या अखेरीची शिल्पपट्टी, जिच्यात ड्रॅगनांचे युद्ध, अल्डुइनचा पराभव आणि त्याचे पुनरागमन ही तीन पर्वे कोरलेली आहेत. एस्बर्न नावाचा वृद्ध अभ्यासक मशाल हातात घेऊन ती भिंत वाचून दाखवतो. त्याला आवाज मॅक्स फॉन सिडो यांनी दिला आहे, आणि या प्रसंगाचे अर्धे श्रेय त्या आवाजाला द्यायला हवे. शतकानुशतके बंद असलेल्या दालनात एखादा माणूस आपली आयुष्यभराची शंका खरी ठरताना पाहतो आहे, हे त्या थरथरत्या पण न घाबरलेल्या स्वरात पूर्णपणे उतरले आहे. दुसरे ठिकाण म्हणजे ‘द बुक ऑफ द ड्रॅगनबॉर्न’ हे गेममध्ये अनेक जागी सापडणारे छोटे पुस्तक. त्याच्या शेवटी सहा ओळींचे भाकीत दिले आहे आणि ते एल्डर स्क्रोलमधून आले असावे असे लेखिका म्हणते.

या सहा ओळी जितक्या नीट वाचाव्यात तितक्या उलगडत जातात. जगाच्या आठही कोपऱ्यांत अनागोंदी माजेल ही पहिली ओळ १९९४ च्या गेमच्या कथेला लागू पडते. पितळी मनोरा चालू लागेल आणि काळाला नवा आकार मिळेल ही दुसरी ओळ १९९६ च्या ‘डॅगरफॉल’ची आहे. तिसरी २००२ च्या ‘मॉरोविंड’ची, चौथी २००६ च्या ‘ऑब्लिव्हियन’ची. पाचव्या ओळीत राजाविना रक्तबंबाळ झालेली हिमभूमी येते, म्हणजे गेम जिथे घडतो त्या स्कायरिम प्रांतातील यादवी. सहाव्या ओळीत अल्डुइन जागा होतो आणि काळाचे चाक अखेरच्या ड्रॅगनबॉर्नवर, म्हणजे ड्रॅगनचा आत्मा घेऊन जन्मलेल्या आणि खेळाडू ज्याची भूमिका करतो त्या नायकावर, येऊन ठेपते. सतरा वर्षांच्या मालिकेचा इतिहास असा मागे वळून भाकितात ओवला आहे. हे भाकीत घटनांनंतर रचले गेले आहे हे उघड आहे, आणि एखाद्याला त्यात केवळ चतुराई दिसू शकेल. मला त्यात जुन्या खेळाडूंच्या स्मृतीविषयीचा आदर दिसतो. ज्याने ते गेम खेळले त्याच्या लक्षात येते की आपण तेव्हा जे केले ते कुठेतरी आधीच लिहिलेले होते, आणि ते आपल्याला त्या वेळी माहीत नव्हते. लेखकांनी तपशीलही काळजीपूर्वक सांभाळला आहे. त्या छोट्या पुस्तकावर तिसऱ्या युगाचे ३६० वे वर्ष घातलेले आहे आणि पहिल्या गेमची कथा ३८९ मध्ये सुरू होते. म्हणजे पुस्तक लिहिले गेले तेव्हा त्यातील पहिल्या गेमपासूनची एकही घटना घडलेली नव्हती.

दुसऱ्या ओळीवर थोडे थांबणे आवश्यक आहे, कारण काळाविषयीचा सर्वांत धाडसी विचार तिथे आहे. ‘डॅगरफॉल’ला अनेक शेवट होते आणि प्रत्येक खेळाडूने आपापल्या मनाप्रमाणे एक निवडला होता. पुढचा गेम करताना त्यातला खरा कोणता हा प्रश्न आला. लेखकांनी एकही रद्द केला नाही. काळ त्या क्षणी मोडला, परस्परविरोधी घटना एकाच वेळी घडल्या आणि काळ पुन्हा जुळला तेव्हा त्या साऱ्यांचे परिणाम शिल्लक राहिले, असे त्यांनी ठरवले. त्या जगात काळाचा देव ड्रॅगनच्या रूपात असल्याने अशा घटनेला ड्रॅगन मोडणे म्हणतात. रचनेतील अडचणीतून तत्त्वज्ञान निर्माण करण्याची इतकी सुंदर उदाहरणे गेमच्या क्षेत्रात फारशी सापडत नाहीत. भाकिताने या घटनेची नोंद घेतली आहे, याचा अर्थ हा ग्रंथ एकाच सरळ रेषेतील भविष्य सांगत नाही. तो ज्या जागी रेषाच तुटते ती जागाही दाखवतो.

अल्डुइनशी लढण्याच्या तयारीसाठी खेळाडूला तो ग्रंथ लागतो, आणि तो मिळवण्याचा प्रवास गेममधील उत्कृष्ट भागांपैकी एक आहे. विंटरहोल्ड महाविद्यालयाच्या ग्रंथालयात उराग ग्रो-शुब हा ग्रंथपाल बसतो. एल्डर स्क्रोल मागणाऱ्या माणसाकडे तो ज्या संतापाने पाहतो त्यातूनच त्या वस्तूचा मान समजतो. तो दोन पुस्तके काढून देतो. एक सेप्टिमस सिग्नस या विद्वानाचे, जे वाचून काहीही कळत नाही, आणि तसेच अपेक्षित आहे, कारण लिहिणाऱ्याची बुद्धी त्या ग्रंथांच्या नादात ढळलेली आहे. दुसरे ‘इफेक्ट्स ऑफ द एल्डर स्क्रोल्स’, जे अत्यंत शांत, शास्त्रीय भाषेत वाचकांचे चार वर्ग सांगते. ज्याला या ग्रंथांविषयी काहीच माहीत नाही त्याच्यावर काही परिणाम होत नाही, पण त्याला काही दिसतही नाही. ज्याला समज आहे पण साधना नाही, त्याला थोडे दिसते आणि त्याची दृष्टी तत्काळ जाते. ज्याने अनेक वर्षांची तयारी केली आहे, त्याला अधिक दिसते आणि प्रत्येक वाचनागणिक अंधार थोडा थोडा वाढत जातो. आणि चौथ्या वर्गातील पतंग-पुरोहित (पतंग या कीटकावरून नाव पडलेले, हे ग्रंथ वाचणारे पुरोहित) आयुष्याच्या अखेरीस एकदा शेवटचे वाचन करतात, ज्यानंतर त्यांना कधीच दिसत नाही. वाचनाची ही किंमत इतक्या थंडपणे मांडलेली वाचताना अंगावर काटा येतो. ज्ञान आणि दृष्टी यांतील एकच ठेवता येईल, आणि तरीही माणसे पिढ्यान्‌पिढ्या ज्ञान निवडत आली आहेत, ही कल्पना या संपूर्ण जगातील मला सर्वांत मौल्यवान वाटते.

पुढे सेप्टिमसला उत्तरेच्या बर्फात शोधायचे, त्याच्याकडून उपकरणे घ्यायची आणि आल्फ्टंडच्या अवशेषांतून ब्लॅकरीच या अफाट भूगर्भात उतरायचे. प्रकाश देणाऱ्या महाकाय अळंब्यांच्या त्या प्रदेशाविषयी सर्वांनी लिहिले आहे. माझे लक्ष त्याच्या टोकाशी असलेल्या म्झार्कच्या मनोऱ्याने वेधले. तिथे भिंगांचे एक प्रचंड यंत्र आहे. ते ड्वेमर या नाहीशा झालेल्या जमातीने बांधले होते, एवढ्यासाठी की ग्रंथातील ज्ञान यंत्राने टिपून घ्यावे आणि वाचणाऱ्याचे डोळे वाचावेत. म्हणजे पतंग-पुरोहित जी किंमत श्रद्धेने मोजतात ती ड्वेमरांना मोजायचीच नव्हती. बटणे दाबून भिंगे फिरवणे हे कोडे म्हणून अगदी सोपे आहे, आणि बरेच खेळाडू ते अंदाजाने सोडवून पुढे जातात. पण त्या यंत्राचा हेतू लक्षात घेतला तर तिथे उभे राहून आपण काय करतो आहोत याची जाणीव होते. भाकीत फुकट मिळवण्याचा हा पहिला प्रयत्न आहे आणि तो आपल्या हातून होतो.

मग शिखर येते. पूर्वी तीन वीरांनी या पर्वतमाथ्यावर ग्रंथ ज्या जागी वापरला तिथे काळाला जखम झालेली आहे. हवा थरथरताना दिसते. त्या जखमेत उभे राहून भेंडोळे उघडले की भूतकाळातील ती लढाई समोर घडू लागते आणि ड्रॅगनांना जमिनीवर उतरवणारी गर्जना शिकायला मिळते. ही गर्जना तीन शब्दांची आहे, आणि ते तीन शब्द मर्त्यपणा, मर्यादा आणि क्षणभंगुरता यांचे आहेत. ड्रॅगन अमर असल्याने या कल्पना त्यांना समजूच शकत नाहीत. त्या त्यांच्या मनात जबरदस्तीने घातल्या की ते कोसळतात. काळाच्या पुत्राविरुद्ध वापरण्याचे शस्त्र म्हणजे माणसाला रोज ठाऊक असलेली गोष्ट, ही रचना मला निर्दोष वाटते. त्याआधी पार्थुर्नाक्स या वृद्ध ड्रॅगनशी होणारा संवादही तितक्याच उंचीचा आहे. चार्ल्स मार्टिने यांच्या खोल, संथ आवाजात तो विचारतो की हे जग संपावे आणि दुसरे जन्मावे असेच ठरलेले असेल तर तू ते का थांबवतोस. आपल्याला हे जग आवडते, एवढे साधे उत्तर देता येते, आणि तो ते मान्य करतो.

इथपर्यंत सारे मनासारखे होते, म्हणूनच पुढची उणीव अधिक जाणवते. ज्या ग्रंथाने विद्वानांना वेडे केले, पुरोहितांचे डोळे घेतले आणि एका संपूर्ण जमातीला यंत्र बांधायला लावले, तो ग्रंथ खेळाडूकडून काहीही घेत नाही. अन्यत्र भेंडोळे उघडले तर क्षणभर डोळे दिपतात, एवढेच. शिखरावरचे वाचन संपले की दृष्टी पूर्ववत होते आणि लढाई सुरू होते. ड्रॅगनबॉर्न हा वेगळा आहे, असे समर्थन देता येईल, परंतु ते समर्थन गेमने कुठेही कमावलेले नाही. दृष्टी कायमची घेणे खेळात शक्य नाही हे मान्य आहे. पण नकाशाचा एखादा भाग पुन्हा न दिसणे, एखादी ओळखीची व्यक्ती स्मृतीतून पुसली जाणे, रात्री पूर्वीपेक्षा अधिक काळोख्या होणे, असे कितीतरी मार्ग मोकळे होते. किंमत सगळीकडे वर्णन केली आहे आणि ती वसूल मात्र फक्त इतरांकडून केली आहे. त्यावर कळस म्हणजे काम झाल्यावर तोच ग्रंथ उरागला २००० सुवर्णनाण्यांना विकता येतो. ग्रंथालयात त्याला जागा मिळावी हे योग्यच आहे, पण तो दान म्हणून, विचारपूर्वक ठेवण्याचा पर्याय असता तर त्या ग्रंथपालाच्या पहिल्या भेटीतील संतापाला न्याय मिळाला असता.

काळाच्या बाबतीत दुसरी तक्रार अधिक मूलभूत आहे. गेममधील काळ खऱ्या काळाच्या वीस पट वेगाने धावतो, म्हणजे तिथला एक दिवस आपल्या ७२ मिनिटांत संपतो. दुकाने उघडतात, बंद होतात, माणसे झोपतात, उठतात. मात्र जगाचा अंत जवळ आला असल्याचे भाकीत हातात असताना खेळाडू वर्षभर फुले वेचत आणि गुहा शोधत फिरला तरी अल्डुइन त्याची वाट पाहत थांबतो. खुल्या जगाच्या गेमची ही गरज आहे, आणि खेळाडूचे स्वातंत्र्य मी कमी लेखत नाही. पण काळ हाच विषय असलेल्या कथेत तरी भाकिताला थोडी धार हवी होती. गावे हळूहळू ओस पडत गेली असती, भिंतीवरील शिल्पाचा अर्थ उशिराने वाचणाऱ्याला वेगळा लागला असता, तरी पुरे होते.

२०१२ मध्ये गेमला जोडलेल्या ‘डॉनगार्ड’ या विस्तारात लेखक याच विषयाकडे परतले, आणि तिथे त्यांनी भाकिताची दुसरी बाजू दाखवली. सूर्य झाकोळून टाकण्याविषयीचे एक भाकीत तीन एल्डर स्क्रोलांतून वाचायचे असते. सेराना ही व्हॅम्पायर स्त्री शवपेटीतून बाहेर येते तीच एक भेंडोळे पाठीला बांधून. ग्रंथाचा आकार आणि भार किती आहे हे तेव्हा प्रथमच डोळ्यांना दिसते. डेक्सियन इव्हिकस हा पतंग-पुरोहित पहिले वाचन करतो, पण पुरेशी तयारी न करता केल्यामुळे त्याची दृष्टी जाते. त्याने डोळ्यांवर पट्टी बांधून शांतपणे आपली चूक सांगणे हा त्या विस्तारातील सर्वांत सच्चा क्षण आहे. त्यानंतर खेळाडू पतंगांच्या थव्यात उभा राहून उरलेले वाचन करतो आणि पुन्हा सहीसलामत सुटतो. तीच उणीव, त्याच जागी. मात्र शेवटी जे उघड होते ते या उणिवेची बरीच भरपाई करते: सूर्याविषयीचे ते भाकीत व्हिर्थर नावाच्या एका सूडाने पेटलेल्या धर्मगुरूनेच घडवलेले असते, आपल्याला हवे ते रक्त आपल्यापर्यंत चालत यावे म्हणून. लोकांनी त्यासाठी शतके खर्च केली, कुटुंबे तोडली. मुख्य कथेतील भाकीत ज्या विश्वासाने आपण स्वीकारले होते, तो विश्वास हा विस्तार उशिरा का होईना तपासायला लावतो. दोन्ही कथा एकत्र खेळल्या तरच हा ग्रंथ पूर्ण होतो, असे माझे स्पष्ट मत आहे.

अल्डुइनचा शेवटही या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. इतर ड्रॅगन मारल्यावर त्यांचा आत्मा खेळाडूत सामावतो, पण अल्डुइनचा सामावत नाही. भाकीतही निकाल सांगत नाही. ते चाक ड्रॅगनबॉर्नवर येऊन ठेपल्याचे सांगून थांबते. हा मोकळेपणा मुद्दाम राखलेला आहे आणि तो मला पटतो.

हा भाग अनुभवायचा असेल तर २०१६ ची विशेष आवृत्ती घेणे सोयीचे, कारण तिच्यात ‘डॉनगार्ड’ समाविष्ट आहे. मुख्य कथा ग्रंथालयापर्यंत आली की उरागने दिलेली दोन्ही पुस्तके, विशेषतः वाचकांचे चार वर्ग सांगणारे, शिखरावर जाण्याआधी पूर्ण वाचावीत. ती न वाचता पुढे गेल्यास शिखरावरील प्रसंग केवळ चित्रफितीसारखा वाटतो. ‘द बुक ऑफ द ड्रॅगनबॉर्न’ भिंतीच्या आधी वाचलेले असावे आणि एस्बर्न बोलत असताना घाईने दुसऱ्या दालनाकडे वळू नये. ‘डॉनगार्ड’ची कथा मुख्य कथेनंतर घ्यावी. उलट क्रमाने घेतल्यास व्हिर्थरचे रहस्य आधीच कळते आणि अल्डुइनच्या भिंतीसमोर उभे राहताना जो विश्वास मनात असायला हवा, तो तिथे पोहोचण्यापूर्वीच डळमळलेला असतो.